एका टेकचा माणूस

नाही नाही, तू बस गं, तो मेकअपला गेलाय, येईलच एवढ्यात — त्या खुर्चीवर नको, तिचा पाय डगमगतो, इथे आरशाजवळ बस, माझी पर्स खाली ठेव हवं तर. मी त्याची बायको. नेल. नेल हार्गिस. खरं म्हणजे नटांच्या बायकांना इथपर्यंत सोडत नाहीत, पण गेटवरचा म्हातारा मला टोपी काढून नमस्कार करतो, पंचवीस वर्षांची ओळख आहे. आणि तू ती नवी स्क्रिप्टवाली मुलगी ना? मिस लुंडग्रेन? ओळखलं मी. तुझ्या हातातल्या त्या लाल पेन्सिलीवरूनच ओळखलं. कोण काय बोललं, कुठे एक शब्द गाळला, कुठे हात उजवा होता आणि डावा झाला, सगळं टिपून ठेवायचं — चांगलं काम आहे हो, जबाबदारीचं, मी नावं ठेवत नाही. फक्त ती पेन्सिल जरा कानामागे अडकव. काही सांगायचंय तुला? सांग ना, सांगशील, आधी जरा दम खा. त्याला भेटायच्या आधी तू मला भेटलीस हे बरंच झालं. मलाच तुझ्याशी बोलायचं होतं. म्हणजे बोलायचं की नाही हे सकाळपासून ठरत नव्हतं — पण आता आलीच आहेस तर.

तुला क्लेमेंट हार्गिस हे नाव माहीत होतं का गं, या सिनेमावर यायच्या आधी? खरं सांग, मला राग नाही येणार. नाही ना? कुणालाच नसतं. पण चेहरा? चेहरा बघितलास की नाही शंभर वेळा? तेच तर. एकशे चाळीस सिनेमे केलेत त्याने. बटलर झाला, शेरीफ झाला, बँकेतला कारकून, दारूच्या गुत्त्यातला मालक, पाद्री, आणि डॉक्टर तर किती वेळा — खोलीतून बाहेर यायचं, चष्मा पुसायचा आणि म्हणायचं, 'आता त्यांना झोप लागलीय.' एवढंच. मग सगळे नायिकेकडे बघतात आणि क्लेम आपली बॅग उचलून निघून जातो. बरबँकच्या बाजारात एकदा एका बाईने त्याला थांबवलं. म्हणाली, डॉक्टर, बरे भेटलात, जरा माझ्या मुलीचा घसा बघता का? आणि याने बघितला! तिथे, बटाट्यांच्या ढिगाजवळ, वाकून, आ कर म्हणाला, आणि तिला सांगितलं, मिठाच्या पाण्याने गुळण्या करायला लावा. मी म्हटलं, क्लेम, वेड लागलं का तुला? तर म्हणाला, नेल, त्या बाईचा चेहरा बघितलास? तिला कुणीतरी डॉक्टर हवा होता. असा आहे तो.

आणि त्याला 'एका टेकचा हार्गिस' म्हणतात, ते ऐकलं असशीलच. ते नाव उगाच नाही पडलं. बोलपट नवे होते तेव्हाची गोष्ट — एक गवताची कोठी पेटवायची होती, खरीखुरी, आणि कोठी एकच. जळली की जळली, पुन्हा उभारायला वेळ नव्हता. क्लेम शेरीफ होता. आगीसमोर उभं राहून गावकऱ्यांना एवढं लांबलचक भाषण करायचं. वारा फिरला, ठिणग्या याच्या टोपीवर पडायला लागल्या, लांब कॅमेऱ्यामागचे लोकसुद्धा मागे सरकले — हा हलला नाही. एक शब्द चुकला नाही. भाषण संपलं आणि मग टोपी काढून पायाने विझवली. ती टोपी आहे आमच्याकडे, दिवाणखान्यात फळीवर, एका बाजूला जळलेली. तेव्हापासून दिग्दर्शक म्हणायचे, घाई असेल तर हार्गिसला बोलवा. नायकाला बारा टेक लागू देत, हार्गिस तयार असतो. अगं, त्याच्यापाशी दुसरं आहे काय? देखणा नाही, उंच नाही. पाठ केलेली वाक्यं हीच त्याची अख्खी इस्टेट. आणि ती पाठ मी करून घेतलीय. सव्वीस वर्षं. स्वयंपाकघरात मी इस्त्री करायची आणि समोरच्याचं बोलायची, तो आपलं बोलायचा. सगळ्या नायिका मी झालेय, सांगते तुला, राण्या झालेय, नाचणाऱ्या पोरी झालेय, एकदा तर खुनी झाले — हातात इस्त्री घेऊन.

हसलीस. बरं वाटलं. अशी जरा हसत राहा. नाही, थांब, तुझं नंतर. आधी माझं होऊ दे, नाहीतर माझा धीर जाईल.

मागच्या वर्षी सुरू झालं ते. एका घोड्यांच्या सिनेमात तो गुत्तेवाला होता, एकच वाक्य — 'ते उत्तरेला गेले.' आणि हा म्हणाला, दक्षिणेला. कुणाच्या लक्षातही आलं नाही, नायक त्याच्या ठरलेल्या दिशेला घोडा पळवून मोकळा झाला. मला घरी येऊन सांगितलं त्याने, हसत हसत सांगितलं, मीही हसले. पण मला झोप लागली नाही. कारण क्लेम चुकत नाही गं. माझा बाप जसा डावखुरा होता तसा क्लेम न चुकणारा आहे, ती सवय नाही, तो तसा बनलाच आहे. मग घरातली छोटी छोटी — चाळणी हातात धरून उभा राहिला, म्हणाला, हे आपलं — हे — आणि हाताने चाळून दाखवलं. मग एकदा गाडी घेऊन गेला आणि चालत परत आला. आणि कालचंच घे. जेवायच्या वेळी दारात मोटारसायकल थांबली, मी बटाटे कुस्करत होते, हाच गेला दार उघडायला. आला तेव्हा विचारलं, कोण होतं? म्हणाला, कुणी नाही, पत्ता चुकला होता कुणाचा तरी. आणि मग जेवणभर गप्प. असा गप्प बसला की मला भीती वाटते. त्याला माहीत असतं, काहीतरी निसटलंय म्हणून. काय निसटलंय ते माहीत नसतं.

आता तू म्हणशील, मग डॉक्टरकडे का नाही नेलं. नेईन ना! हा सिनेमा होऊ दे. आज तो न्यायाधीश आहे. सव्वीस वर्षांत पहिल्यांदा कॅमेरा त्याच्या तोंडावर थांबणार आहे, अकरा वाक्यं, सलग, आणि मधे दुसरं कुणी बोलत नाही. त्याने आयुष्यभर याची वाट बघितलीय, मुली. तोंडाने म्हणाला नाही कधी. पण स्क्रिप्ट आली त्या दिवशी ती जळकी टोपी खाली काढून त्याने ब्रशने साफ केली, मी बघितलं. आणि आज चुकला तर? तुला माहीतच आहे. दुपारच्या जेवणाला कॅन्टीनमध्ये सगळ्यांना कळेल, उद्या दुसऱ्या स्टुडिओंना कळेल. मोठा नट वाक्यं विसरला तर लोक थांबतात, फुलं पाठवतात. क्लेमसाठी कोण थांबणार? मघाशी मी कपड्यांच्या खोलीत त्याचा झगा आणायला गेले — न्यायाधीशाचा, काळा. त्याच्या नावाची चिठ्ठी लावलेला झगा होता. आणि त्याच्या शेजारी आणखी एक. तसाच, त्याच मापाचा, इस्त्री केलेला, आणि चिठ्ठी नाही. मी तिथल्या बाईला विचारलं, दोन कशाला? म्हणाली, असतात हो दोन, एकावर काही सांडलं तर. मी म्हटलं बरोबर आहे. पण या दृश्यात काय सांडणार आहे, तूच सांग. न्यायाधीश बसतो, बोलतो आणि उठतो. काही सांडत नाही.

म्हणजे त्यांना संशय आलाय, दुसरा न्यायाधीश तयार ठेवलाय. कुणाला तरी आलाय. तुला काही बोलले का ते? नको, नको सांगूस.

तुला वॉलेस प्रूइट आठवतो? नाही, तू तेव्हा इथे नव्हतीस. क्लेमचा जुना दोस्त, लांब नाकाचा, नेहमी वकील किंवा दुसरा डॉक्टर व्हायचा. आमच्या अंगणातल्या संत्र्याखाली बसून पत्ते खेळायचे दोघं. फेब्रुवारीत एका सिनेमात दोघे डॉक्टर होते, पलंगाच्या दोन बाजूंना. क्लेम बोलणार, मग वॉलेस बोलणार. आणि टेक सुरू झाला, तर वॉलेस नुसता आ वासून उभा. दिग्दर्शक ओरडला. पुन्हा घेतलं. पुन्हा वॉलेस गप्प. तिसऱ्यांदा काहीतरी भलतंच बोलला, आणि मग त्याला घरी पाठवलं. दुसरा माणूस आणला. संध्याकाळी मी क्लेमला घ्यायला गेले होते, गाडी मी चालवत होते, तो शेजारी. डोंगरातला रस्ता संपला. मग म्हणाला, 'नेल, वॉलेस बरोबर होता.' मी म्हटलं, म्हणजे? म्हणाला, मी माझं शेवटचं वाक्य खाल्लं. तिन्ही वेळा. माझ्या वाक्यावर त्याचं वाक्य होतं, मग तो कशाला धरून बोलणार? आणि कुणाच्या डोक्यातही आलं नाही गं. एका टेकचा हार्गिस चुकेल हे कुणाच्या डोक्यात येणार? स्क्रिप्टवाली होती तेव्हाची, मिस टोबिन, तिनेसुद्धा पान बघितलं नाही, सगळे वॉलेसकडेच बघत होते.

क्लेम म्हणाला, उद्या जाऊन सांगतो. आणि मी —

मी हे का सांगतेय तुला? तुझा चेहरा आमच्या भाचीसारखा आहे म्हणून असेल. मी म्हटलं, गप्प राहा. हो, मीच. मी म्हटलं, वॉलेसचं ठीक होईल, त्याची बायको शाळेत शिकवते, तू सांगितलंस तर आपण दोघंही संपू. दुसऱ्या दिवशी वॉलेसचा फोन आला. मीच उचलला. म्हणाला, नेल, क्लेमला जरा दे, तो तिथे होता, त्याला विचारायचंय की मी खरंच चुकलो का, मला काही कळेनासं झालंय. अशा आवाजात म्हणाला. क्लेम समोर बसला होता, टोस्टला लोणी लावत. मी म्हटलं, तो दाताच्या डॉक्टरकडे गेलाय. आता वॉलेस ग्लेनडेलला एका मोठ्या दुकानाच्या दारात उभा असतो, गणवेश घालून, लोकांना दार उघडून देतो. त्याची बायको भेटली होती मला. म्हणाली, हल्ली सगळं लिहून ठेवतो, बोटाला दोरा बांधतो. म्हणाली, बरं झालं वेळेवर लक्षात आलं. चांगला धडधाकट माणूस, डोकं शाबूत असलेला, आणि बोटाला दोरा बांधून फिरतो.

थांब गं, सारखं काय ते पान दाखवतेस, बघते मी. रुमाल कुठे गेला माझा — हां. तर मी काय केलंय, ते ऐक, आणि मग तू ठरव. सकाळी सात वाजता मी सेटवर गेले. सामान लावणारा म्हातारा मॉर्टन आपला माणूस आहे, त्याने मला आत सोडलं. न्यायाधीशाच्या टेबलावर कायद्याचं जाड पुस्तक उघडं आहे ना? त्यात पहिली चार वाक्यं चिकटवलीत, मोठ्या अक्षरात. पाण्याच्या सुरईमागे पुढची तीन. चष्म्याच्या डबीत दोन. आणि शेवटची दोन टीपकागदावर, त्याच्या हाताखाली. कॅमेऱ्याला दिसत नाही, मी खुर्चीवर बसून बघितलं. घाईघाईत खळ सगळी बोटांना लागली, बघ, अजून निघाली नाही. मोठमोठे नट करतात हे, मला माहीत आहे, कुणी दुसऱ्याच्या पाठीवरसुद्धा चिकटवतात. पण क्लेमने कधी केलं नाही. त्याला मी सांगितलं तेव्हा नुसती माझी बोटं बघत राहिला. तर तुला एवढंच करायचंय — तो खाली बघताना दिसला तर बघू नकोस. अडकला तर पहिला शब्द हळूच टाक, तुझा आवाज लहान आहे, त्यालाच ऐकू जाईल. करशील? एवढं करशील ना माझ्यासाठी?

चल, मी म्हणून दाखवते, तू पानाशी ताडून बघ. मला त्याच्यापेक्षा चांगलं येतं. 'एझ्रा कोल, उभे राहा. या खुर्चीवर मी तीस वर्षं बसलो. माणसाचा गुन्हा कागदावर लिहिता येतो, त्याला काय सोसावं लागलं ते लिहायला कागद पुरत नाही' — बरोबर? मान का नाही हलवत? — आणि शेवटचं, 'दार उघडा. हा माणूस आपल्या घरी जाणार आहे.' ते म्हणताना क्लेमचा आवाज असा काही होतो —

ते पान निळं का आहे?

नाही, सिनेमातल्या माणसाची बायको आहे मी, मला कळतं. पहिली पानं पांढरी, बदल झाला की निळी, आणखी झाला की गुलाबी. पण आमचं पांढरं आहे. आमच्याकडचं सगळं पांढरं आहे. कधी बदललं? काल? दे इकडे. 'एझ्रा कोल, उभे राहा' — हे तेच आहे — आणि मग हे काय, हे सगळं — 'मरेपर्यंत फाशी'? फाशी देतो तो? पण तो तर सोडून देतो त्याला. सबंध महिना आम्ही त्या माणसाला सोडून देतोय, रोज रात्री, भांडी घासून होईपर्यंत. निर्मात्याला शेवट आवडला नाही? आणि अकराची चौदा वाक्यं? कुणी आणून दिली आम्हाला? कुणी नाही! आमच्याकडे कुणी आलं नाही, मुली, देवाशपथ सांगते, कुणी —

मोटारसायकल.

पत्ता चुकला होता म्हणाला. घेतला असेल लिफाफा, आणि दारापासून टेबलापर्यंत येईतो गेलं डोक्यातून. आणि आज सकाळी मी कॉफीचं भांडं कशावर ठेवलं? जाड पिवळा लिफाफा होता. मी म्हटलं, विम्यावाल्यांचा असेल. मी स्वतः ठेवलं गं भांडं त्यावर. गोल डाग पडला, तो मी पुसला, आणि उघडून बघितलं नाही, कारण मला उशीर होत होता, चिठ्ठ्या चिकटवायच्या होत्या.

किती वेळ आहे? वीस मिनिटं? वीस मिनिटांत त्याला चौदा वाक्यं? एक महिना लागला त्याला अकरांना.

ऐक. ऐक ना. पानं पोचवायचं काम तुझ्या खात्याचं आहे ना? तूच यादी करतेस, कुणाला मिळाली, कुणाला नाही? सही घेतात का? नाही घेत. दारात देतात आणि जातात. म्हणजे मी म्हटलं की पानं आलीच नाहीत — आम्हाला काही मिळालं नाही — तर त्याची चूक कुठे राहिली? तर दोन दिवस द्यावे लागतील त्याला. दोन दिवसांत मी करून घेईन, बदललेली पानंसुद्धा करून घेईन. आणि ठपका कुणावर, तर जास्तीत जास्त — तू नवी आहेस, तुला दुसरीकडे — तू अजून लहान —

अशी बघू नकोस माझ्याकडे.

काय बोलले मी आत्ता? काय बोलले? तू रडतेस का? नको गं. मी पण ना, बघ. वॉलेसची बायको शाळेत शिकवते असं मी म्हटलं होतं गाडीत. अगदी याच आवाजात म्हटलं होतं. एक माणूस दारं उघडत उभा आहे तिकडे, आणि मी आता दुसऱ्याला —

पाऊल वाजलं. तोच आहे. डोळे पूस. मीच पुसते, थांब. पान खाली धर, घडी नको करूस, आवाज होतो.

ये, ये क्लेम. किती छान केलंय रे तुझं तोंड, अगदी न्यायाधीश दिसतोस. ही मिस लुंडग्रेन, स्क्रिप्टवाली. नाही, काही नाही, आम्ही आपल्या इस्त्रीच्या गोष्टी करत होतो, मी तिला नायिका होऊन दाखवत होते. काय? चिठ्ठ्या काढून टाकू? का रे? — मेकअपच्या खुर्चीवर सगळं आठवलं? सगळं? बरं. हो. म्हण ना, म्हण, आम्ही ऐकतो. नाही, पान बघत नाही. ती पण नाही बघत. तू म्हण.

—

अकराच्या अकरा वाक्यं. ऐकलंस ना, मिस लुंडग्रेन? एक शब्द चुकला नाही. हो क्लेम. हो राजा, बरोबर आहे. अगदी बरोबर. शेवटचं तर — मला रडू नाही येत, ती पावडर गेली डोळ्यात. तू बस इथे. त्या खुर्चीवर नाही, पाय डगमगतो तिचा, इथे बस माझ्याजवळ. मी हिला दारापर्यंत सोडून येते.

इकडे ये, पायरी आहे. हळू बोलते. जाऊन त्यांना सांग, पानं पोचली होती. काल जेवायच्या वेळी पोचली, हार्गिसनेच हातात घेतली, त्याच्या बायकोने सांगितलं म्हणावं. माझं नाव घे. आणि ते विचारतील, मग आता काय — तर दुसरा झगा कपड्यांच्या खोलीत आहे, खिडकीजवळच्या दांडीवर, याच मापाचा. इस्त्री केलेला आहे. नाही, मला काही सांगू नकोस. त्याला मी सांगेन, माझ्या पद्धतीने सांगेन, जरा वेळ बसू दे त्याला. संध्याकाळी ग्लेनडेलला जायचंय आम्हाला, एका दुकानापाशी. जा तू. दार हळू लाव.